शिवाजी पार्क: मैदानाला मैदानच राहू द्या

फेब्रुवारी लागला की आमच्या घरातल्या पश्चिमेच्या खिडक्या दुपारी तीननंतर उघडत नाहीत. समुद्रावरचा वारा कॅडेल रोड ओलांडून शिवाजी पार्कात शिरतो, तिथली सुटी लाल माती उचलतो आणि पूर्वेच्या इमारतींवर आणून टाकतो. सकाळी पुसलेल्या खिडकीच्या कठड्यावर संध्याकाळी बोटाने नाव लिहिता येतं. आईला दमा आहे. तिच्या उशाशी पंप आणि पाण्याचा तांब्या, खिडकीच्या फटीत खोचलेली जुनी चादर, असा आमचा उन्हाळा जातो. तीन वर्षं मी लेखी तक्रारी करते आहे. दर वेळी पोच मिळते, आठवडाभर टँकर फिरतो आणि पुन्हा सगळं शांत होतं.

हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढचं वाचून ‘तुमचं काय जातंय बोलायला’ असं कुणाला वाटायला नको. धूळ माझ्या घरात आहे, माझ्या आईच्या छातीत आहे. पण त्या धुळीचं निमित्त पुढे करून शिवाजी पार्कचा बगीचा करण्याची जी भाषा गेली काही वर्षं आमच्या भागात बोलली जाते आहे, तिला माझा विरोध आहे. पूर्ण मैदानावर हिरवळ लावा आणि तिच्यावर कुणाला पाय ठेवू देऊ नका. कट्ट्यावर जाळी बसवा. रात्री दहाला दारं लावा. सभा, मेळावे, मांडव कायमचे बंद करा. सोसायटीच्या बैठकीत, सकाळच्या फिरायच्या घोळक्यात, लिफ्टमध्ये हे सगळं मी ऐकलं आहे. बोलणारी माणसं वाईट नाहीत, त्यांच्याही घरात धूळ येते. त्यांना हवं आहे ते एक सुंदर, शांत, स्वच्छ दृश्य. मला मैदान हवं आहे.

हे मैदान उरलेल्या जागेवर झालेलं नाही. १८९६च्या प्लेगने मुंबईला दाखवून दिलं होतं की जिथे उजेड नाही, वारा नाही, तिथे माणसं पटापट मरतात. १८९८ साली शहराच्या नव्या आखणीसाठी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट निघाला, दादर-माटुंग्याच्या आखीव वसाहती झाल्या, रुंद रस्ते, दोन घरांत अंतर आणि मधे मोकळी जागा असा नवा विचार रुजला. त्याच वाऱ्यात १९२५ साली महापालिकेने हे मैदान लोकांना खुलं केलं. तेव्हा त्याचं नाव माहीम पार्क होतं. दोन वर्षांनी, शिवजन्माच्या त्रिशताब्दीच्या निमित्ताने, नगरसेविका अवंतिकाबाई गोखले यांच्या सूचनेवरून ते शिवाजी पार्क झालं. भोवतालच्या गोलसर सज्जांच्या तीन-चार मजली इमारती बहुतेक त्यानंतरच्या, तीस-चाळीसच्या दशकांतल्या. म्हणजे मैदान आधी आलं आणि घरं त्याच्या आधाराने आली. आज त्या इमारती पाडून टॉवर चढताहेत आणि जाहिरातीत हे मैदान खिडकीतला नजारा म्हणून विकलं जातं आहे. ज्याने नजाऱ्याचे पैसे मोजले त्याला त्यातली माणसं, घाम, आरडाओरडा खुपणारच. भांडणाचं मूळ मला इथे दिसतं. एका बाजूला मैदानाकडे बघणारे आहेत, दुसऱ्या बाजूला मैदानात उतरणारे. महापालिकेने हे दुसऱ्यांसाठी बांधलं होतं.

आकडे सांगायचे तर क्षेत्रफळ १,१२,९३७ चौरस मीटर, म्हणजे २८ एकरांना किंचित कमी. भोवतीचा कट्टा १.१७ किलोमीटर. आणि मुंबईत माणशी मोकळी जागा किती, तर सगळी मैदानं-बागा मिळून एक-सव्वा चौरस मीटर असा हिशेब सांगितला जातो. एक माणूस पाय पसरून झोपेल एवढी चटईसुद्धा तेवढ्यात मावत नाही. ज्या शहरात वाट्याला चटईही येत नाही, तिथे २८ एकर फक्त बघण्यासाठी राखून ठेवणं मला परवडणारं वाटत नाही.

कट्ट्याबद्दल थोडं जास्त बोलावंसं वाटतं, कारण जाळीचा प्रस्ताव मला सगळ्यात जास्त झोंबला. ओव्हल मैदानाला कुंपण आहे. तिथल्या रहिवाशांनी न्यायालयात लढून ते मैदान वाचवलं, आणि त्या लढ्याबद्दल मला आदर आहे. पण शिवाजी पार्कची हद्द म्हणजे बसायची जागा आहे. जी भिंत माणसांना बाहेर ठेवू शकली असती तिच्यावरच माणसं टेकतात. दुपारी अभ्यासिकेतून उठून आलेली मुलं, संध्याकाळी निवृत्त मंडळी, रात्री जेवणानंतर शतपावली करून दमलेली कुटुंबं. लग्न ठरलेल्या जोडप्यांना घरात बोलायला कोपरा मिळत नाही, त्यांना कट्टा मिळतो. माझ्या वडिलांचे चार मित्र बावीस वर्षं एकाच झाडाखाली कट्ट्यावर बसत. एकेक कमी होत गेला तरी उरलेले त्याच क्रमाने बसायचे, मधली जागा सोडून. त्या कट्ट्यावर लोखंडी जाळी उभी राहिली तर मैदानाची हद्द जास्त सुरक्षित होईल हे खरं, पण दादरकरांची बसायची सव्वा किलोमीटर जागा जाईल.

आता आत या. डिसेंबरातल्या एखाद्या रविवारी सकाळी साडेसातला पाच नंबरच्या गेटाने आत शिरा आणि नुसतं उभं राहा. एकाच वेळी दहा-बारा सामने चालू असतात. एका सामन्यातला कव्हरचा मुलगा दुसऱ्या सामन्यातल्या लाँगऑनला जवळजवळ पाठ टेकून उभा असतो. तिसऱ्याच खेळपट्टीवरून आलेला चेंडू दोघांच्या मधून जातो. ‘काका, बॉल!’ अशी हाक येते आणि ज्याच्या पायाशी चेंडू थांबतो तो, मग तो कुणाचाही असो, उचलून परत फेकतो. चालायला आलेले आजोबाही फेकतात, पोलिसही फेकतो. कुणी हा नियम लिहून लावलेला नाही. बाहेरच्या माणसाला हा गोंधळ वाटतो. पण आपला चेंडू कोणता, आपला फलंदाज कोणता, आणि दुसऱ्याच्या फटक्यापासून डोकं कसं वाचवायचं, हे सगळं एका वेळी सांभाळत मुंबईचा क्रिकेटपटू तयार झाला आहे.

रमाकांत आचरेकर सरांनी याच मैदानावर नेट लावलं. यष्टीवर एक रुपयाचं नाणं ठेवायचं, सचिनला जो बाद करील त्याला ते नाणं, कुणालाच जमलं नाही तर सचिनला, ही गोष्ट आता महाराष्ट्रात सगळ्यांना पाठ आहे. सर त्याला स्कूटरवर मागे बसवून एका मैदानावरून दुसऱ्या मैदानावर न्यायचे, एका दिवसात जास्त डाव मिळावेत म्हणून. त्या गोष्टीतला एक भाग कुणी बोलत नाही: त्यासाठी मैदानं होती, आणि त्यांच्यावर उतरायला कुणी अडवत नव्हतं. डिसेंबर २०२४ मध्ये सरांचं स्मारक गेटाजवळ उभं राहिलं. मला त्याचा आनंद आहे. पण सरांची खरी आठवण आतमध्ये, ओल्या मातीवर, भल्या पहाटे चालते.

क्रिकेटचं इतकं कौतुक होतं की बाकीचं झाकलं जातं. कोपऱ्यात समर्थ व्यायाम मंदिर आहे. लाकडी खांबाला तेल चोळून सहा-सात वर्षांची पोरं त्यावर चढतात, दोरीच्या मल्लखांबावर मुली उलट्या लटकून आसनं करतात. फेब्रुवारी २०१९ मध्ये मल्लखांबाची पहिली जागतिक स्पर्धा इथे झाली. परदेशातून आलेले खेळाडू महाराष्ट्राच्या मातीतला खेळ खेळले आणि आमच्या भागातले लोक बादल्या उपड्या ठेवून त्यांवर उभे राहून बघत होते. मला स्वतःला मैदान भेटलं ते खो-खोमुळे. शाळा सुटली की आम्ही आठ-नऊ मुली येऊन पळायचो. आम्हाला कोणतीही जागा दिलेली नव्हती. जिथे मोकळं दिसेल तिथे चुन्याने नाही तर चपलेच्या टाचेने रेघ ओढायची.

आणि इथे मला माझ्याच बाजूच्या लोकांशी भांडायचं आहे. मैदान वाचवा म्हणणाऱ्या आपण सगळ्यांनी कबूल केलं पाहिजे की आतमध्येही मैदान हळूहळू वाटून घेतलं गेलं आहे. क्लबांच्या खेळपट्ट्या, त्यांच्या नेटच्या रांगा, शनिवार-रविवारची शिबिरं, महिन्याची फी. प्रशिक्षणाला माझा विरोध नाही. चांगला कोच मेहनत घेतो, माळ्याचा पगार, मॅट, चेंडू यांना पैसा लागतोच. पण प्रभादेवीच्या चाळीतली किंवा माहीमच्या कोळीवाड्यातली सहा मुलं एक बॅट आणि टेनिसचा चेंडू घेऊन येतात तेव्हा त्यांना काय ऐकावं लागतं ते मी कट्ट्यावर बसून ऐकलं आहे: ‘इथे नेट आहे, तिकडे व्हा.’ तिकडे गेली की तिकडेही नेट. शेवटी ती कट्ट्याला चिकटून, चालणाऱ्यांच्या पायात खेळतात आणि चालणारे त्यांच्यावर ओरडतात. वस्तीतल्या मुलींचं तर विचारू नका. २०२५च्या नोव्हेंबरात नवी मुंबईत भारताच्या मुलींनी विश्वचषक जिंकला तेव्हापासून किटबॅग ओढत येणाऱ्या मुली पार्कात जास्त दिसायला लागल्या आहेत, आणि मला ते बघताना भरून येतं. पण किटबॅग असलेल्या मुलीला जागा आहे, नुसती बॅट असलेल्या मुलीला नाही.

माझी मागणी साधी आहे. मैदानाचा एक सलग पट्टा, किमान एक चतुर्थांश, कुणालाही कधीही नेमून द्यायचा नाही. ना क्लबला, ना शिबिराला, ना शाळेला. जो आधी येईल त्याने खेळावं, आणि संध्याकाळी चार ते सहा तिथे लहान मुलांचा हक्क असावा. बाकीच्या जागेचं वाटप कोणाला, किती तासांसाठी, किती भाड्याने झालं आहे, त्याचा फलक प्रत्येक गेटावर लावावा. आणि स्वच्छतागृहात मुलींना कपडे बदलता येतील अशी, आतून कडी लागणारी खोली असावी. माझ्या लहानपणी ती नव्हती. घामेजलेल्या फ्रॉकवर आम्ही घरी जायचो.

सभांचा विषय नाजूक आहे, म्हणून सावकाश बोलते. २०१० साली इथल्या रहिवाशांच्या याचिकेवर मुंबई उच्च न्यायालयाने हा भाग शांतता क्षेत्र ठरवला. शाळा, रुग्णालय, न्यायालय यांच्या भोवतालच्या शंभर मीटरमध्ये दिवसा ५० आणि रात्री ४० डेसिबलच्या वर आवाज जाऊ नये, असा २०००च्या ध्वनी नियमांचा दंडक आहे. पुढे राज्य सरकारने खेळाव्यतिरिक्तच्या कार्यक्रमांसाठी वर्षातले ४५ दिवस ठरवून दिले. ज्यांनी ती लढाई लढली त्यांनी या भागावर उपकार केले. परीक्षेच्या दिवसांत छातीत धडधडणारे ते स्पीकर मला अजून आठवतात. ४५ दिवसांची मर्यादा असलीच पाहिजे, ती एकानेही वाढू नये.

पण ती शून्यावर आणा असं जे म्हणतात त्यांच्यासोबत मी नाही. संयुक्त महाराष्ट्राच्या सभांना माझे आजोबा लालबागहून चालत यायचे. आचार्य अत्रे बोलायला उभे राहिले की लांब फुटपाथवर उभ्या असलेल्या माणसालाही शब्द न् शब्द कळायचा, असं ते सांगायचे. १९६६च्या ऑक्टोबरात शिवसेनेची पहिली जाहीर सभा इथे झाली आणि पुढे दसऱ्याचा मेळावा हे या मैदानाचं एक पंचांगच झालं. २०२२ साली तर त्या मेळाव्याची परवानगी थेट उच्च न्यायालयात ठरली. तुम्हाला यातलं कोण आवडतं, कोण नाही, हा प्रश्न बाजूला ठेवा. सभागृहातल्या सभेला पास लागतो, दारात कुणीतरी उभा असतो, आत बसलेली सगळी माणसं एकाच मताची असतात. मैदानातल्या सभेला विरोधी मताचा माणूसही शेंगदाण्याची पुडी घेऊन मागे उभा राहतो, ऐकतो, पटलं नाही तर कट्ट्यावरून पाय टाकून निघून जातो. असं ऐकायला मिळणारी जागा मुंबईत आता दुसरी कुठे उरली आहे?

सभा घेणाऱ्यांनी मैदान परत देताना जे होतं, ते मात्र सहन करण्यासारखं नाही. मांडवाच्या खांबांसाठी खड्डे खणतात आणि बुजवताना खडी टाकतात. ट्रक थेट आउटफिल्डवर येतात, त्यांच्या चाकांनी माती दाबली जाते, वरचा थर भुगा होतो. दोन वर्षांपूर्वी माझ्या भाच्याने झेल घ्यायला सूर मारला आणि उठला तेव्हा कोपरात मांडवाचा दोन इंची खिळा होता. त्या आठवड्यात तिथे कुणाचा कार्यक्रम झाला होता हे मी लिहिणार नाही, कारण जवळपास प्रत्येक कार्यक्रमानंतर असेच खिळे निघतात. अनामत रक्कम घेतली जाते, ती किती कापली गेली हे कुणाला कळत नाही. मैदान घेताना फोटो काढा, परत देताना काढा, दोन्ही गेटावर लावा. खांब रोवायला बंदी करा, वजनाच्या ठोकळ्यांवर उभे राहणारे मांडव मिळतात. ट्रकसाठी लोखंडी पत्रे अंथरा. आणि चुंबकाची गाडी फिरवल्याशिवाय अनामत परत देऊ नका.

सहा डिसेंबर या ४५ दिवसांच्या हिशेबात बसवून बोलावं असं मला वाटत नाही. १९५६ साली ६ डिसेंबरला बाबासाहेब दिल्लीत गेले, ७ तारखेला दादरच्या चौपाटीवर त्यांच्यावर अंत्यसंस्कार झाले. ते दादरचेच रहिवासी होते, हिंदू कॉलनीतलं राजगृह त्यांनी पुस्तकांसाठी बांधलं. दर वर्षी चार तारखेपासून विदर्भ, मराठवाडा, खानदेशातून माणसं येऊ लागतात, चैत्यभूमीच्या रांगेत तासन् तास उभी राहतात आणि रात्री मैदानातल्या मांडवात पाठ टेकतात. आमच्या भागातली काही घरं त्या तीन दिवसांत कुलपं लावून लोणावळ्याला जातात. कचरा, वास, गर्दी, अशी कारणं सांगितली जातात. मी ती ऐकून घ्यायला आता तयार नाही. मॅरेथॉनचा कचरा याच लोकांना चालतो, दिवाळीच्या रोषणाईला लोटलेली गर्दी चालते.

तीन वर्षांपूर्वीची गोष्ट. पाच तारखेच्या संध्याकाळी मी कट्ट्यावर बसले होते. हिंगोलीकडच्या एक आजी आल्या, डोक्यावर पिशवी, सोबत दहा-बारा वर्षांचा नातू. मला म्हणाल्या, “बाई, बसू का हितं जरासं?” मी सरकले, पण मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. कट्ट्यावर बसायला त्यांनी माझी परवानगी मागितली होती. पिशवीत भाकरी, चटणी आणि चार पुस्तकं होती. नातवाने ती एकेक काढून किमती वाचून दाखवल्या, संविधानाची प्रत सगळ्यात जाड होती. तो शेवटून पानं मोजत बसला. आजींना वाचता येत नव्हतं. “ह्याच्या बापानं घ्यायला सांगितलंय,” एवढंच म्हणाल्या. या तीन दिवसांत या मैदानात जेवढी पुस्तकं विकली जातात, तेवढी मी दादरमध्ये एरवी कधी बघितलेली नाहीत. कनातींच्या ओळीच्या ओळी, जमिनीवर प्लास्टिक अंथरून मांडलेली पुस्तकं, आणि ती उचलून, उलटून, परत ठेवून, पुन्हा उचलून घेणारे शेतमजूर. मैदान याहून चांगल्या कोणत्या कामाला येणार आहे? स्वच्छतागृहं आणि पाण्याचे नळ वाढवणं, रात्री उजेड ठेवणं, आठ तारखेला सकाळी पूर्ण ताकदीने साफसफाई करणं, हे महापालिकेचं काम आहे आणि ते दर वर्षी थोडं बरं होतं आहे. आपलं काम म्हणजे सरकून जागा देणं.

स्मारकांबद्दल मात्र मी कुणाचीच बाजू घेणार नाही. नोव्हेंबर २०१२ मध्ये बाळासाहेब ठाकरे यांच्यावर इथे अंत्यसंस्कार झाले, फेब्रुवारी २०२२ मध्ये लतादीदींवर. दोन्ही वेळी महाराष्ट्राच्या भावना समजण्यासारख्या होत्या. लतादीदींच्या वेळी लगेच स्मारकाची मागणी झाली आणि राजकारण तापलं, तेव्हा हृदयनाथ मंगेशकर यांनीच हा वाद थांबवा असं सांगितलं. त्या कुटुंबाने दाखवलेला तो विवेक आपण नियम म्हणून स्वीकारावा. जिमखाना आहे, स्काउट पॅव्हेलियन आहे, गणपतीचं देऊळ आहे, वाचनालय आहे, नाना-नानी पार्क आहे, पुतळे आहेत. जे आहे ते राहू द्या. पण यापुढे कितीही थोर माणूस असो, कितीही चांगलं कारण असो, कट्ट्याच्या आत एक वीटही नको. मोकळ्या जागा देखभालीसाठी संस्थांना दत्तक द्यायचं धोरणही असंच वरून गोड दिसतं. २०१६ साली त्याला स्थगिती द्यावी लागली, २०२३ मध्ये ते नव्या रूपात पुन्हा आलं. दत्तक दिलेली जागा घरी परत येत नाही, हे मुंबईने बऱ्याच क्लबांच्या फाटकाबाहेर उभं राहून बघितलं आहे.

राहिली धूळ. काही वर्षांपूर्वी मैदानात लाल माती टाकली गेली, पावसाचं पाणी जिरवायच्या विहिरी झाल्या, फवारे बसले. माती सुटी राहिली. २०२५च्या सुरुवातीला प्रदूषण नियंत्रण मंडळाने ती काढण्याचे निर्देश महापालिकेला दिले. आता माती काढायची की ठेवायची, यावर सगळी चर्चा अडली आहे. मला या प्रश्नाचं उत्तर एका माळ्याच्या अंगठ्यावर दिसलं.

पहाटे पावणेसहाला ते खेळपट्टीवर पाइपने पाणी मारत होते. धार नव्हती, बोटाने तोंड दाबून केलेला फवारा. पाणी जिरेपर्यंत थांबले. मग उकिडवे बसून अंगठा मातीत दाबला, वर उचलून बघितला. माती चिकटली. अजून थांबले. पुन्हा दाबला, या वेळी अंगठ्यावर नुसती ओल आली, माती आली नाही. तेव्हा उठून दोन पोरांना हाक मारली आणि रोलर फिरवला. त्या दिवशी दुपारी वारा जोराचा होता. मी मुद्दाम खिडकी उघडून बघितलं. पूर्ण मैदानातून लाल लोट उठत होते आणि मधोमध ती बावीस यार्डांची पट्टी जागची हलत नव्हती. माती तीच, वारा तोच.

म्हणजे धूळ मातीची जात बघून उडत नाही, दुर्लक्षाने उडते. पावसाळ्यात हे मैदान बघा. १९४८पासून भर पावसात खेळली जाणारी कांगा लीग ही क्रिकेट स्पर्धा याच चिखलाने मोठी केली. जुलैत गुडघाभर चिखलात फुटबॉल चालतो, ऑगस्टमध्ये हरळी आपोआप धरते, सप्टेंबरअखेर मैदान हिरवं असतं. त्यासाठी कुणी विकत हिरवळ आणलेली नसते. हरळी पायांना भीत नाही, तुडवली तरी पुन्हा फुटते. तिला दोनच गोष्टी लागतात, पाऊस गेल्यावर पाणी आणि मधूनमधून विश्रांती. नेमकी तेव्हाच आपण तिला दोन्ही देत नाही. दसरा, दिवाळी, मग डिसेंबर, मग सामन्यांचा हंगाम. जानेवारीत मुळं मरतात आणि फेब्रुवारीत आईचा पंप टेबलावरून उशाशी येतो. वरळी-धारावीला सांडपाणी शुद्ध करायची मोठी केंद्रं उभी राहत आहेत. त्यातलं थोडं पाणी पाइपने या मैदानावर आणा, पिण्याचं पाणी घालायची गरज नाही. कायमस्वरूपी माळी नेमा, कंत्राटावर तीन महिन्यांनी बदलणारे नकोत. आउटफिल्डचे तीन भाग करा आणि एक भाग आळीपाळीने दोन महिने दोरी बांधून बंद ठेवा. पूर्ण मैदान बारा महिने बंद ठेवून हिरवळ सांभाळण्यापेक्षा हे कितीतरी स्वस्त आहे, आणि मुलांना दोन भाग कायम उघडे राहतात.

हे सगळं कागदावर लिहून मी आमच्या भागातल्या चाळीस-पन्नास लोकांना दाखवलं आहे. काहींनी सही केली, काहींना अजून जाळीच हवी आहे. ऑक्टोबरात पाऊस ओसरला की दक्षिणेच्या बाजूचा तिसरा हिस्सा पहिल्यांदा बंद ठेवायला द्या, एवढीच विनंती आम्ही करणार आहोत. काठ्या आणि दोरी आमची. सकाळी पाणी मारायला दोन कॉलेजची मुलं तयार आहेत, त्यांना अंगठ्याची परीक्षा माळ्याने शिकवायचं कबूल केलं आहे. दोरीच्या आत कुणी जाऊ नये म्हणून संध्याकाळी कट्ट्यावर बसून लक्ष ठेवायचं काम आईने मागून घेतलं आहे. डॉक्टरांनी तिला ऑक्टोबरपासून बाहेर बसायला परवानगी दिली आहे.